माहेरचं टाकू का सासरचं?

शहागंजातल्या एका भांड्यांच्या दुकानाच्या पायरीशी रामप्रसादचं टेबल आहे. टेबलावर विजेवर चालणारी एक लेखणी, चिंध्यांचा बोळा आणि पाण्याची बाटली, एवढाच संसार. दुकानातून घेतलेल्या ताटावर, डब्यावर, कळशीवर नाव टाकून देणं हा त्याचा धंदा. मामाकडून भाचीला, आत्याकडून पुतणीला, मित्रमंडळाकडून सप्रेम भेट. लेखणी घूं घूं करते, स्टीलवर अक्षरं उमटतात, आणि रामप्रसाद भांडं चिंधीनं पुसून गिऱ्हाइकापुढं असं धरतो, जणू भांडंसुद्धा त्यानंच घडवलंय.

नवरीसाठी काही घ्यायला आलेल्या माणसाला त्याचा एक प्रश्न ठरलेला असतो. “माहेरचं टाकू का सासरचं?” आपल्याकडं लग्नात नवरीचं नाव बदलायची रीत आणि भांड्यावर एकदा टाकलेलं नाव काही पुसता येत नाही. भलतंच नाव पडलं तर सोयऱ्यांत रुसवेफुगवे ठरलेले. म्हणून रामप्रसाद हा प्रश्न विचारायला आजवर कधी चुकला नाही. लोकांच्या लेकीसुनांच्या बाबतीत माणूस फार काळजीचा.

घरचं विचाराल तर काखेत कळसा आणि गावाला वळसा. त्याच्या बायकोचं नाव रत्नमाला. हे नाव त्यानंच ठेवलं. ती पैठणकडच्या मेंढरं राखणाऱ्या घरातली पोर, माहेरी तिला सगळे भागू म्हणत, पुरतं नाव भागूबाई. रामप्रसादही तसल्याच घरातला, पण तो नुकताच शहरात येऊन दुकानात लागला होता, चार लोकांत उठबस करू लागला होता. आता भित्र्या माणसाला आपल्याकडं ‘भित्री भागूबाई’ म्हणून चिडवतात. दुकानातली पोरं आपल्याला जन्मभर सोडणार नाहीत, अशी त्याला धास्ती पडली. मग लग्नात ताटातल्या तांदळावर त्यानं अंगठीनं ‘रत्नमाला’ असं लिहिलं. हे नाव तरी कुठलं? लग्नाच्या आधी एका बड्या घरच्या हंड्यावर त्यानंच टाकलेलं. अक्षरं सुबक दिसली म्हणून उचललं. दुसऱ्या बाईच्या हंड्यावरचं नाव आपल्या बायकोला लावून हा मोकळा झाला, आणि लावलं ते तरी कधी तोंडात घेतलं नाही. लग्नापासून आजतागायत तो तिला ‘अगं ए’ म्हणत आला. पुढं तिचे आईबाप गेले, भाऊ गेला, आणि ‘भागू’ म्हणून हाक मारणारं कोणीच राहिलं नाही.

अशा या घरात गेम आला. रामप्रसादचा मुलगा हनुमान वाळूजच्या कंपनीत आहे. पोरगी सारखी मोबाइलमध्ये डोकं घालून बसते, त्यापेक्षा सगळ्यांनी मिळून खेळावं असं काहीतरी, म्हणून त्यानं टीव्हीला जोडायचं यंत्र आणलं. त्यात संस्कृतीला, म्हणजे त्याच्या पोरीला, सगळ्यात जास्त आवडला तो लोकरीच्या गोळ्यांचा गेम. चार गुबगुबीत गोळे, त्यांना काडीसारखे पाय, आणि प्रत्येकाच्या डोक्यावर खेळणाऱ्याचं नाव. पूल ओलांडायचे, दोऱ्या ओढायच्या, एकमेकांच्या डोक्यावर चढून भिंतीपलीकडं जायचं आणि शेवटी दारापाशी पोचायचं. मारामारी नाही, रक्त नाही. धक्का लागला की गोळा ‘पुच’ असा शिंकतो, आणि पाण्यात पडला की बुडबुड्यात अडकून तोंड फुगवून तरंगत राहतो. दुसऱ्या कोणी मागं येऊन बुडबुडा फोडला तरच त्याची सुटका.

रामप्रसादनं आधी नाक मुरडलं, मग बघता बघता रिमोट हातात घेतला. त्याला वाटलं, ही शर्यत आहे. सगळ्यांना मागं टाकून तो दारापाशी जाऊन उभा राहिला आणि जिंकलो म्हणून ओरडला. दार काही उघडेना. संस्कृतीनं हसत समजावलं, आबा, सगळे आल्याशिवाय ते उघडतच नाही, इथं एकटं कोणी जिंकत नसतं. त्याला हे अजब वाटलं. सूरपारंबी काय, कुस्ती काय, त्याच्या माहितीतल्या प्रत्येक खेळात एक जण वर आणि बाकीचे मातीत. इथं पडणाऱ्यालाही हसू येत होतं आणि काढणाऱ्यालाही. सून एरवी त्याच्यासमोर डोक्यावरचा पदर सावरत बोलायची, तीच शीला ‘मामा, मला उचला की’ म्हणून बिनधास्त ओरडू लागली. महिन्याभरात रविवारची दुपार म्हणजे गोळ्यांचा गेम, असं होऊन बसलं. हनुमानची रविवारीही कंपनीत पाळी असायची, म्हणून खेळायला हे तिघंच.

पहिल्याच दिवशी संस्कृतीनं चौथा रिमोट आजीपुढं धरला होता. रत्नमालेनं हात पुढं केलाही होता. तेवढ्यात रामप्रसाद म्हणाला, तिच्या हातात कशाला देतेस, तिला टीव्हीचा रिमोट उलटा का सुलटा ते कळत नाय. सगळे हसले, तीही हसली आणि पीठ मळायचंय म्हणून उठून गेली. त्याच्या ते ध्यानातही राहिलं नाही. पण नात मोठी खमकी निघाली. दुपारी आबा शहागंजात असताना तिनं हनुमानचा जुना टॅब काढून आजीला शिकवायला घेतलं. गेम टॅबवरूनही खेळता येत होता. नाव काय टाकू म्हणून विचारल्यावर आजी जरा थांबली आणि म्हणाली, “भागू टाक. माझंच हाय ते, लग्नाआधीचं.” आबाला सांगायचं नाही, अशी शपथही तिनं नातीला घातली.

त्यानंतरच्या रविवारी पडद्यावर चौथा गोळा उगवला आणि त्याच्या डोक्यावर इंग्रजीत ‘भागू’ असं लिहिलेलं होतं. रामप्रसादनं विचारलं तर संस्कृती म्हणाली, माझी मैत्रीण आहे, तिच्या घरून खेळते. रत्नमाला तेव्हा आतल्या खोलीत दार लोटून बसलेली असायची, आणि तिला दुपारचं आडवं झाल्याशिवाय चैन पडत नाही, अशी रामप्रसादची समजूत. बायकोचं लग्नाआधीचं नाव डोळ्यांसमोर नाचत होतं आणि या माणसाच्या डोक्यात काही पेटलं नाही. हजारो बायकांची नावं टाकणाऱ्याला आपल्याच घरातलं एक नाव वाचता आलं नाही.

उलट भागू त्याला फार आवडू लागली. तो पुढं पळायचा, पाण्यात पडायचा, आणि भागू न चुकता मागं येऊन त्याचा बुडबुडा फोडायची. “शाब्बास भागू,” तो हॉलमध्ये ओरडायचा. शेजारच्या टेबलावर किल्ल्या बनवणारा कमरोद्दीन त्याचा जुना सोबती. त्यालाही तो कौतुकानं सांगायचा, नातीची एक मैत्रीण आहे, काय पोरगी आहे म्हणून सांगू. रात्री जेवतानाही तोच विषय. “लई गुणाची पोरगी,” तो भाकरी मोडता मोडता म्हणायचा. “दुसरं कोणी असतं तर मला सोडून गेलं असतं. ही मागं बघते. हुशार हाय, पण हुशारीचा तोरा नाय.”

“लई आवडती का तुम्हाला भागू?” रत्नमालेनं एकदा वाढता वाढता विचारलं.

“आवडायचं काय त्यात? असं माणूस सोबत पाह्यजे बघ,” तो म्हणाला.

त्या दिवशी तिनं न मागता त्याच्या वरणावर तुपाची धार धरली. आज हिला काय झालं, असं त्याच्या मनात आलं आणि पुढच्या घासाला तो ते विसरून गेला.

मग एका रविवारी शीलाची आई द्वारकाबाई पैठणहून एस.टी.नं आली. विहीणबाई पुढ्यात बसलेल्या, तेव्हा रामप्रसादला चेव चढला. बघा आम्ही म्हातारे काय काय करतो, असं म्हणत त्यानं रिमोट घेतला. त्या दिवशीचा डाव अवघड होता. खालून पाणी चढत होतं आणि पाणी पोचायच्या आत चौघांनी दार गाठायचं होतं. रामप्रसाद सुसाट सुटला, दारापाशी जाऊन उड्या मारू लागला. संस्कृतीही पोचली. शीलाचा गोळा मात्र मधल्या पुलावरून पडला, आणि दाराच्या तोंडाशी आलेली भागू तिच्यासाठी मागं फिरली. हा इकडून ओरडतोय, अगं ये, सोड तिला, ये. भागू काही आली नाही. पाणी चढलं आणि डाव बुडाला.

विहिणीपुढं फजिती झाली म्हणून त्याचं पित्त खवळलं. आता खरं तर डाव बुडाला तो याच्या पळापळीनं, पण खापर फोडायला डोकं दुसऱ्याचंच लागतं. द्वारकाबाईकडं वळून तो मोठ्यानं म्हणाला, “ही भागू अशीच. नावच बघा की तिचं, भित्री भागूबाई. असलं नाव कोणी पोरीला ठेवतं का? आमच्यात एखादीचं असलंच तर लग्नात बदलून टाकायचे. चारचौघांत हाक मारायची लाज वाटती.”

द्वारकाबाई तोंडाला पदर लावून हसल्या. पण दुसरं कोणी हसलं नाही. पडद्यावरचा चौथा गोळा एकदम विरून गेला आणि भागू खेळ सोडून गेल्याची पाटी आली. शीलानं मान खाली घातली. संस्कृतीचे डोळे भरून आले होते. तिनं रिमोट खाली ठेवला आणि म्हणाली, “आबा, भागू म्हणजे आज्जी आहे.”

“कोणती आज्जी?” त्यानं विचारलं.

हे विचारलं नसतं तर निदान एवढी तरी अब्रू राहिली असती. मग आतल्या खोलीचं दार उघडलं, रत्नमाला टॅब हातात घेऊन बाहेर आली, तिनं तो खिडकीजवळ चार्जिंगला लावला आणि विहीणबाईंना विचारलं की चहात साखर किती टाकू. तिचा आवाज नेहमीचाच होता. द्वारकाबाईंचं हसू ओठातच राहिलं, त्या उगाच पिशवीत काहीतरी शोधू लागल्या. रामप्रसादला मेल्याहून मेल्यासारखं झालं. चहा आला तेव्हा त्यानं तो बशीत ओतला, फुंकर मारली आणि तसाच ठेवून दिला.

आता त्याला सगळं आठवलं, नको तेवढं आठवलं. मांडवात ताट पुढं आलं तेव्हा ती तांदळावरची अक्षरं बघत होती. तिला तेव्हा वाचता येत नव्हतं. तिनं हळूच त्यालाच विचारलं होतं, काय लिवलं? आणि मित्र बघतायत म्हणून तो तिला काही बोलला नव्हता. तिचं नवं नाव तिला मागून करवल्यांच्या कुजबुजीतून कळलं. ज्या नावानं डोंगरापलीकडून तिला हाका मारल्या गेल्या असतील, ते नाव आपण लाजेखातर मिटवलं, आणि इतक्या वर्षांनी तिनं ते स्वतःहून आपल्यासमोर धरलं, तर आपण विहिणीपुढं त्यावर थुंकलो. त्याला स्वतःची किळस आली.

पुढचे दिवस वाईट गेले. रत्नमाला भांडली असती, ताट आपटलं असतं, तर त्याला बरं वाटलं असतं. ती वेळेवर जेवायला वाढत होती, पाणी देत होती, आणि तो खालमानेनं गिळत होता. शहागंजात कमरोद्दीननं सहज विचारलं, “क्यों रामप्रसादभाई, वो भागू बेटी के क्या हाल हैं?” यानं लेखणी सुरू केली आणि ऐकू आलं नाही असं दाखवलं. तेवढ्यात एक बाई भाचीसाठी ताट घेऊन आली. “माहेरचं,” एवढं त्याच्या तोंडून निघालं आणि तो नुसता ताट पुसत बसला. बाई वाट बघत राहिली. शेवटी तीच म्हणाली, सासरचं टाका, नाव बदलणार हाय तिचं. त्यानं ते टाकलं. जुनं नाव काय होतं, ते विचारावंसं त्याला फार वाटलं, पण कोणत्या तोंडानं विचारणार?

रविवार आला. संस्कृतीनं टीव्ही लावला, शीला बसली, हा बसला. पडद्यावर तीनच गोळे. तिघांनी खेळून पाहिलं, पण एका ठिकाणी चौघांनी मिळून उचलायचा दगड होता, तिथं येऊन तिघंही धडका देत राहिले. संस्कृती आतल्या खोलीकडं बघत राहिली. भागूला परत आणायचं तर कोणी जायचं, हे तिघांनाही ठाऊक होतं. रामप्रसाद उठला.

रत्नमाला स्वयंपाकघरात वालाच्या शेंगा सोलत बसली होती. तो उंबऱ्यात उभा राहिला. भागू म्हणून हाक मारायची असं ठरवून आला होता. तोंडातून निघालं ते “अगं ए.” जित्याची खोड.

तिनं वर न बघता काय पाहिजे ते विचारलं. तो म्हणाला, खेळायला चल. मला कुठं येतंय, असं ती म्हणाली आणि शेंगांची सालं बाजूला केली. तो तिथंच उंबऱ्यावर बसला. या वयात, सून हॉलमध्ये असताना, बायकोपुढं असं जमिनीवर बसण्याची त्याची ही पहिलीच वेळ. चुकलं माझं, तो म्हणाला. नाव ध्यानात यायला पाह्यजे होतं, नाय आलं. त्या दिवशी बोललो ते तर डुकरानंसुद्धा बोलू नये.

“नावाचं काय नाय,” ती म्हणाली. “मला सुद्धा कधीमधी सपनात आठवायचं तेवढंच.”

“मग येत का नाहीस? रागावली असशील तर बोल की मला काहीबाही.”

रत्नमालेनं वालाची परात खाली ठेवली.

“राग नाय आला,” ती म्हणाली. “वाईट वाटलं, तुम्हाला कळलं म्हणून. भागूला तुम्ही लई चांगलं बोलत व्हता. हुशार म्हणायचे, गुणाची म्हणायचे. असं माणूस सोबत पाह्यजे म्हणले. मी भाकरी वाढता वाढता ऐकायची. मला वाटायचं, यांना कळूच नये. कळलं की ते बंद व्हईल.”

रामप्रसादला नाव विसरल्याची लाज होती, टोमण्याची होती, पण आता जी आली ती त्याहून मोठी होती. तिला शिव्या दिल्याचं दुःख नव्हतं. दोन गोड शब्द चोरून ऐकायला मिळत होते, ते संपले याचं होतं. आणि ते शब्द त्याच्याकडं नव्हते असं नाही. भरपूर होते. नातीच्या न पाहिलेल्या मैत्रिणीवर त्यानं ते उधळले होते, कमरोद्दीनला फुकट वाटले होते. फक्त जी समोर बसून वाढत होती, तिच्यावर कधी एक खर्चला नव्हता.

“बंद नाय व्हणार,” तो कसाबसा म्हणाला.

तिनं त्याच्याकडं पाहिलं. त्या नजरेत विश्वास नव्हता, पण हात पदराला पुसून ती उठली. “मी आतूनच खेळते,” ती म्हणाली. टॅब घेऊन ती आतल्या खोलीत गेली आणि दार लोटून घेतलं.

पडद्यावर चौथा गोळा उगवला. संस्कृतीनं टाळी वाजवली, शीलानं हुश्श केलं. चौघांनी दगड उचलला. पुढच्या पुलावर रामप्रसादचा गोळा पाण्यात पडून बुडबुड्यात तरंगू लागला. भागू पार पलीकडं पोचली होती. ती वळली, पूल उतरून मागं आली आणि तिनं बुडबुडा फोडला.

एरवी याच वेळी तो घर डोक्यावर घ्यायचा. आता त्यानं रिमोट नुसता या हातातून त्या हातात घेतला. भागूला म्हणणं सोपं होतं, भागू कोणीच नव्हती. रत्नमालेला म्हणायचं तर आजवर का नाही म्हणालास, हा प्रश्न आधी येऊन उभा राहत होता. सून बघत होती, नात बघत होती. पडद्यावर भागू पुढं गेली नाही. त्याच्या गोळ्याजवळ ती नुसती उभी राहिली.

“आबा, ती का थांबली?” संस्कृतीनं विचारलं.

त्याला ठाऊक होतं. त्यानं मान खाली घातली, रिमोटवरच्या बटणांकडं बघितलं आणि पुटपुटला, “शाब्बास भागू.”

“मोठ्यानं म्हणा ना,” संस्कृती म्हणाली. “आतपर्यंत ऐकू जात नाही.”

रामप्रसादनं घसा खाकरला आणि पुन्हा म्हणाला. आवाज तेवढाच निघाला.